हर्मन नेमका कोण? मालिकेतला मुलगा, मँचेस्टरचा गट आणि दोघांनी वापरलेलं एक नाव

प्रकरण थोडक्यात

१९६१ मध्ये 'कोरोनेशन स्ट्रीट' या ब्रिटिश मालिकेत लेन फेअरक्लफचा मुलगा स्टॅन्ली म्हणून एक शाळकरी पोरगा काही भागांत झळकला. तीन वर्षांनी त्याचा गट ब्रिटनच्या विक्री-यादीत पहिला होता आणि त्याच्या पुढच्याच वर्षी अमेरिकेच्या. पीटर नून हे त्या पोराचं नाव आणि हर्मन्स हर्मिट्स हे गटाचं. १९७१ मध्ये नून बाहेर पडला. त्यानंतर वर्षानुवर्षं जगात दोन हर्मन्स हर्मिट्स फिरत राहिले: एक मूळ गायकाचा, दुसरा मूळ ड्रमरचा. दोघेही खरे, आणि दोघांच्याही तिकिटावर अर्धाच गट.

या गटाची गोष्ट बहुतेक वेळा गाणी आणि क्रमांक यांच्या अंगाने सांगितली जाते. इथे ती नावाच्या अंगाने मांडली आहे, कारण अभिनेता गायक झाला की पहिला गुंता तिथेच पडतो. ज्यांचं काम सार्वजनिक नोंदीत आहे त्यांचीच नावं घेतली आहेत. बाकीच्यांचा उल्लेख कामापुरता.

पार्श्वभूमी

'कोरोनेशन स्ट्रीट' ९ डिसेंबर १९६० रोजी ग्रॅनाडा टेलिव्हिजनवर सुरू झाली. टोनी वॉरनने रचलेली ही मालिका मँचेस्टरजवळच्या एका कामगारवस्तीतल्या गल्लीची. तोवर ब्रिटिश टीव्हीवर लंडनी, घासूनपुसून घेतलेली इंग्रजी चालायची. या मालिकेने उत्तरेकडचा रांगडा उच्चार घराघरांत नेला. पुढे अमेरिकेत नूनने जे विकलं, त्याचा कच्चा माल हाच उच्चार होता.

सुरुवातीच्या काळात मालिकेचे भाग थेट प्रक्षेपित होत, नाहीतर मध्ये न थांबता चित्रित होत. टेप कापून जोडणं महाग आणि कटकटीचं. त्यामुळे नट ठरल्या जागी, ठरल्या सेकंदाला पोचायलाच हवा. वाक्य विसरला तर सावरून घ्यायचं, थांबायचं नाही. तेरा-चौदा वर्षांच्या मुलाला हे वळण लागलं तर टीव्हीवरच्या गाण्याच्या कार्यक्रमात त्याला घाम फुटत नाही. त्या काळी रेकॉर्ड विकली जायची ती अशाच तीन मिनिटांच्या कार्यक्रमांवर.

नूनचा जन्म ५ नोव्हेंबर १९४७ चा, मँचेस्टरच्या कडेला असलेल्या डेव्हिहल्मचा. तो हार्टबीट्स नावाच्या स्थानिक गटात गायला लागला तेव्हा मिसरूडही फुटलं नव्हतं. अमेरिकन कार्टूनमधल्या शर्मन या पोरासारखा तो दिसतो असं कुणीतरी म्हणालं, ऐकणाऱ्याने 'शर्मन'चं 'हर्मन' केलं, आणि गट झाला हर्मन अँड हिज हर्मिट्स. पुढे नाव आखडून हर्मन्स हर्मिट्स. हर्मिट म्हणजे एकांतात राहणारा बैरागी. हर्मन आणि त्याचे बैरागी, असा हा शाब्दिक खेळ. गटात हर्मन नावाचा माणूस कुणीच नव्हता. हा मुद्दा पुढे फार महागात पडणार आहे.

१९६४ मध्ये गटाचा साचा पक्का झाला: गायक नून, गिटारवर कीथ हॉपवुड आणि डेरेक लेकनबी, बेसवर कार्ल ग्रीन, ड्रमवर बॅरी व्हिटवम. मँचेस्टरचा हार्वी लिस्बर्ग हा व्यवस्थापकांपैकी एक. त्याने लंडनच्या मिकी मोस्ट या निर्मात्याला गळ घातली. द ॲनिमल्स या गटाचं ध्वनिमुद्रण करून मोस्टने तेव्हा नुकतंच नाव कमावलं होतं. नूनचा चेहरा तरुण केनेडींसारखा वाटला म्हणून मोस्टने गट घेतला, असा किस्सा आहे. खरा असो वा नसो, त्यातून एक गोष्ट कळते: पहिली निवड चेहऱ्याची झाली.

मोस्ट स्वतंत्र निर्माता होता. गाणं तो शोधणार, ध्वनिमुद्रण तो करणार आणि तयार टेप कंपनीला वापरायला देणार: ब्रिटनमध्ये ईएमआयच्या कोलंबिया शिक्क्याखाली, अमेरिकेत एमजीएमकडून. या पद्धतीत गटाच्या हातात तीन गोष्टी राहतात: प्रत्यक्ष कार्यक्रमाची बिदागी, रेकॉर्डवरचा ठरलेला छोटा हिस्सा आणि नाव. मूळ टेप गटाची नसते. गाणं बाहेरून आणलेलं असेल तर गाण्याचा हक्कही गटाचा नसतो. म्हणजे मालमत्ता म्हणावी अशी एकच चीज उरते: नाव.

गॉफिन आणि किंग या अमेरिकन जोडीचं 'आय'म इन्टू समथिंग गुड' सप्टेंबर १९६४ मध्ये ब्रिटनमध्ये पहिलं आलं आणि दोन आठवडे तिथे राहिलं. गायक सोळा वर्षांचा होता.

अडचण कुठे होती

वय, कायदा आणि नावाची घडण, अशा तीन गाठी एकात एक अडकल्या होत्या.

इंग्लंडमध्ये सज्ञान होण्याचं वय तेव्हा एकवीस होतं. ते अठरावर आलं १ जानेवारी १९७० पासून. अज्ञान मुलाशी केलेला करार एकूण त्याच्या हिताचा असेल तरच टिकतो, म्हणून पालकांची सही घेण्याची रीत. नून एकवीसचा झाला तो नोव्हेंबर १९६८ मध्ये, म्हणजे गटाचा भराचा काळ सरल्यावर. ज्या वर्षांत पैसा आणि कीर्ती आली, त्या वर्षांत गटाचा चेहरा कायद्याच्या नजरेत पोर होता.

दुसरं कायद्याचंच. आज कोणताही गट आपलं नाव मनोरंजन-सेवेसाठी व्यापारचिन्ह म्हणून नोंदवू शकतो. १९६४ च्या ब्रिटनमध्ये ती सोय नव्हती. व्यापारचिन्ह वस्तूंसाठी मिळे. सेवांसाठी नोंदणी सुरू झाली १ ऑक्टोबर १९८६ रोजी. त्याआधी गटाला आधार एकच: दुसरा कुणी आपल्या लौकिकावर पोट भरत असेल तर 'पासिंग ऑफ'चा दावा लावायचा. त्यात लौकिक आपला आहे हे दरवेळी नव्याने सिद्ध करावं लागतं. अमेरिकेत १९४६ च्या लॅनहॅम कायद्यामुळे सेवांच्या चिन्हाची नोंद शक्य होती. म्हणजे ज्या देशात गट जन्मला तिथे नाव नोंदवता येत नव्हतं, आणि जिथे ते सर्वाधिक विकलं गेलं तिथे येत होतं.

तिसरी गाठ नावाच्या घडणीत. 'द ॲनिमल्स' म्हटलं की सगळे आले. 'हर्मन्स हर्मिट्स' म्हटलं की एक मालक आणि चार अनुयायी डोळ्यापुढे येतात. प्रेक्षक नूनला हर्मन म्हणूनच हाक मारत. स्टॅन्ली फेअरक्लफ ही भूमिका ग्रॅनाडाची होती, संपली की संपली. हर्मन ही भूमिका मात्र कुणाच्या मालकीची, हे नावातून कळत नव्हतं.

पहिला निर्णय: अमेरिकेला काय विकायचं

१९६५ च्या सुरुवातीला गटापुढे तीन वाटा होत्या. रोलिंग स्टोन्स आणि ॲनिमल्ससारखं ब्लूजच्या अंगाने जायचं. पण नूनचा आवाज आणि चेहरा त्याला साजेसा नव्हता. अमेरिकन गीतकारांची गोड पॉप गाणी गात राहायचं. ते जमत होतं, पण तसं गाणारे शेकड्याने होते. तिसरी वाट, अमेरिकनांना न मिळणारी चीज द्यायची: अस्सल ब्रिटिश पोर.

तिसरी वाट आखणी करून निवडली गेली नाही, ती उघडली गेली. 'मिसेस ब्राउन, यू'व्ह गॉट अ लव्हली डॉटर' हे ट्रेव्हर पीकॉक या नटाने १९६३ च्या एका टीव्ही-नाटकासाठी लिहिलेलं गाणं. नाटकात ते टॉम कोर्टनीने म्हटलं होतं. गटाने ते अल्बममध्ये टाकलं. गिटारच्या तारा दाबून काढलेला टकटक आवाज, फारशी वाद्यं नाहीत, आणि नूनचा उच्चार त्याच्या रोजच्या बोलण्यापेक्षाही गडद. अमेरिकन रेडिओवाल्यांनी ते अल्बममधून उचलून वाजवायला सुरुवात केली आणि एमजीएमने सिंगल, म्हणजे त्या एका गाण्याची सुटी रेकॉर्ड, काढली. बिलबोर्ड या अमेरिकन नियतकालिकाच्या यादीत ती थेट १२ व्या क्रमांकावर उतरली आणि १ मे १९६५ च्या यादीत पहिली झाली. तीन आठवडे तिथेच. त्याच्या लगेच आधी फ्रेडी अँड द ड्रीमर्स आणि वेन फॉन्टाना अँड द माइंडबेंडर्स पहिले होते. अमेरिकेत लागोपाठ तीन गट पहिले, आणि तिन्ही मँचेस्टरचे. बीटल्सच्या लिव्हरपूलचं कौतुक करताना हे हमखास राहून जातं.

ऑगस्टमध्ये 'आय'म हेन्री द एट्थ, आय ॲम'. हे १९१० चं म्युझिक हॉलचं, म्हणजे जुन्या ब्रिटिश करमणूक-थिएटरातलं गाणं, हॅरी चॅम्पियन रंगवायचा ते. गटाने कडवी वगळून नुसतं धृपद पुन्हापुन्हा म्हटलं. दोन मिनिटांच्या आत गाणं संपतं. तेही अमेरिकेत पहिलं आलं.

निर्णयाचा खरा मुद्दा असा की यातलं एकही गाणं ब्रिटनमध्ये सिंगल म्हणून निघालं नाही. मायदेशी आजोबांच्या काळचं म्युझिक हॉल गाणारा पोरगा थट्टेचा विषय झाला असता. अमेरिकेत तेच नवलाईचं होतं. ब्रिटनसाठी वेगळा माल, अमेरिकेसाठी वेगळा. व्यापार म्हणून हिशोब चोख.

यात अभिनेत्याची कमाई आणि अभिनेत्याचा तोटा दोन्ही आहेत. नून गात होता ते पात्र होऊन, ओशाळल्या, भाबड्या उत्तरी पोराची भूमिका करत. सतरा वर्षांचा नटच हे इतकं नेमकं करू शकतो. पण साध्या गायकाला पुढचं गाणं बदलता येतं, पात्राला वय वाढवता येत नाही. मालिकेतला नट पात्रात अडकतो तेव्हा निदान पटकथाकार त्याला परगावी पाठवतो, नाहीतर मारून टाकतो. इथे पटकथाकारच नव्हता.

दुसरा निर्णय: रेकॉर्डवर वाजवणार कोण

मोस्ट घाईचा माणूस. लंडनच्या स्टुडिओत तीन तासांचं सेशन हे कामाचं एकक, आणि तेवढ्यात काम उरकायला भाड्याचे तरबेज वादक स्वस्त पडतात. जॉन पॉल जोन्स मोस्टसाठी वाद्यरचना करायचा, जिमी पेजही सेशनचा वादक होता. दोघे पुढे लेड झेपेलिन या रॉक गटात गेले. हर्मिट्सच्या काही ध्वनिमुद्रणांवर असे बाहेरचे हात आहेत. बरीच गाणी आम्हीच वाजवली, असं गटाच्या सदस्यांनी पुढे वारंवार सांगितलं, आणि 'मिसेस ब्राउन'सारखं सुटसुटीत गाणं ऐकताना त्यांचं म्हणणं पटतं.

इथे एक निव्वळ व्यावहारिक चूक बहुतेक गट करतात: कोणत्या गाण्यावर कोणी काय वाजवलं याची तारीखवार यादी ठेवत नाहीत. १९६५ मध्ये तिची किंमत शून्य होती. आज तिचे पैसे होतात. ब्रिटनमध्ये १९९६ पासून, रेकॉर्ड रेडिओवर किंवा सार्वजनिक ठिकाणी वाजली की तीवर वाजवणाऱ्यालाही मोबदल्याचा कायदेशीर हक्क आहे. तो पीपीएल ही संस्था गोळा करते आणि नोंदलेल्या वादकांत वाटते. ध्वनिमुद्रणाचं संरक्षण पूर्वी ५० वर्षांचं होतं. १ नोव्हेंबर २०१३ पासून ते ७० झालं. त्यामुळे १९६४ ची रेकॉर्ड २०१४ अखेर मोकळी होणार होती, ती आता २०३४ अखेरपर्यंत बांधलेली आहे. या वाढीव वीस वर्षांत, एकरकमी पैसे घेऊन गेलेल्या सेशन वादकांसाठी कंपनीला त्या रेकॉर्डच्या उत्पन्नातला २० टक्के हिस्सा बाजूला काढावा लागतो. म्हणजे तीन तासांची मजुरी घेऊन गेलेल्या गिटारवाल्याला साठीनंतर पैसे येऊ शकतात. सेशन-पत्रकावर त्याचं नाव असेल तर.

तिसरा निर्णय: १९६७, वारा फिरला तेव्हा

१९६७ च्या उन्हाळ्यात गट अमेरिकेत दौऱ्यावर होता आणि त्यांच्याआधी मंचावर येत होता द हू हा रॉक गट. मुख्य नाव हर्मिट्सचं. गिटारी फोडून, धूर काढून द हू उतरणार आणि मागून नून हसतमुखाने मिसेस ब्राउनच्या लेकीची आठवण काढणार, हे दृश्य मनात आणून पाहा. २३ ऑगस्टला फ्लिंटच्या हॉलिडे इनमध्ये द हूचा ड्रमर कीथ मून याच्या वाढदिवसाचा जो धिंगाणा झाला, तो याच दौऱ्यातला. त्याच उन्हाळ्यात कॅलिफोर्नियातल्या मॉन्टेरीच्या संगीत महोत्सवाने अमेरिकन श्रोत्याचा कान बदलून टाकला.

वाटा अशा होत्या: आवाज जड करून नव्या रॉकच्या मागे जायचं, कुटुंबाने एकत्र बघायचं मनोरंजन म्हणून ठाम राहायचं, किंवा नूनला पुन्हा अभिनयाकडे वळवायचं. गटाने दुसरी आणि तिसरी मिसळली. एमजीएमच्या चित्रपटांत गट दिसतच होता. १९६८ मध्ये तर 'मिसेस ब्राउन'च्या नावाचाच चित्रपट आला.

गंमत म्हणजे याच वेळी त्यांच्याकडे चांगली गाणी येत होती. ग्रॅहम गोल्डमन हा लिस्बर्गच्याच गोतावळ्यातला मँचेस्टरचा तरुण. त्याचं 'नो मिल्क टुडे' १९६६ मध्ये ब्रिटनमध्ये सातवं आलं. दारात ठेवलेल्या दुधाच्या रिकाम्या बाटलीवरून मोडलेल्या घराची गोष्ट सांगणारं हे गाणं गटाच्या भाबड्या प्रतिमेपेक्षा कितीतरी प्रौढ आहे. रे डेव्हिसचं 'डँडी' त्यांनी त्याच वर्षी अमेरिकेत पाचव्या क्रमांकावर नेलं. डेव्हिसच्या किंक्स या गटाला तेव्हा अमेरिकेत वाजवायला बंदी होती, ती १९६९ मध्ये उठली. म्हणजे गटाला प्रौढ गाणी पेलत होती. पण प्रतिमेचं वजन दुसऱ्या पारड्यात पडलेलं होतं.

अमेरिकेतला ओघ १९६८ मध्ये आटला. ब्रिटनमध्ये मात्र १९६९ मध्ये 'माय सेंटिमेंटल फ्रेंड' दुसरं आलं आणि १९७० मध्येही एक गाणं पहिल्या दहांत होतं. ज्या देशात भूमिका विकली होती तिथे भूमिका शिळी झाली. जिथे नुसतं गाणं विकलं होतं तिथे गाणं चालत राहिलं. १९६५ चा चोख हिशोब पाच वर्षांनी असा वळला.

चौथा निर्णय: बाहेर पडणं

१९७० मध्ये मोस्टच्या स्वतःच्या रॅक कंपनीने 'लेडी बार्बरा' काढलं तेव्हा श्रेय छापलं 'पीटर नून अँड हर्मन्स हर्मिट्स' असं. या पाच शब्दांकडे नीट पाहायला हवं. आजवर नून हाच हर्मन होता. आता नून वेगळा आणि हर्मन वेगळा. वेगळं व्हायची तयारी श्रेयनामावलीत आधी दिसते, वकिलाच्या पत्रात नंतर. रेकॉर्ड तेराव्या क्रमांकापर्यंत गेली.

पर्याय तेव्हा चार होते. हीच 'अमुक आणि गट' पद्धत दोन-तीन वर्षं चालवून प्रेक्षकाला नूनच्या खऱ्या नावाची सवय लावायची. नूनने नाव घेऊन जायचं आणि बाकीच्यांना पैसे देऊन मोकळं करायचं. बाकीच्यांनी नाव ठेवायचं आणि नूनला मोकळं करायचं. किंवा सगळ्यांनी मिळून नाव मोडीत काढायचं.

पहिला पर्याय सर्वांत कंटाळवाणा आणि आमच्या मते सर्वांत शहाणा होता. घडलं वेगळंच. १९७१ मध्ये नून स्वतःच्या नावाने निघाला. तेव्हा फारसा नावारूपाला न आलेल्या डेव्हिड बोवीचं 'ओ यू प्रिटी थिंग' त्याने गायलं, पियानोवर खुद्द बोवी. ते बारावं आलं. गाण्याची निवड धाडसी होती, पण पाठोपाठ दुसरं यश आलं नाही. एकल नावाने ब्रिटनच्या यादीत त्याचं तेवढं एकच गाणं. हॉपवुडही बाहेर पडला आणि पुढे प्लूटो नावाचा स्टुडिओ चालवू लागला. लेकनबी, ग्रीन आणि व्हिटवम नवा गायक घेऊन जुन्या नावाने गात राहिले. १९७३ मध्ये अमेरिकेतल्या एका पुनर्मीलन-दौऱ्यासाठी नून आणि गट एकत्र आले, मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये गायले आणि पुन्हा पांगले.

नून १९८० मध्ये द ट्रेम्बलर्स या नव्या गटातून नव्या धाटणीचं रॉक घेऊन आला. नाव नवं, आवाज नवा, अल्बमही निघाला. चालला नाही. १९८२ मध्ये तो ब्रॉडवेवर 'द पायरेट्स ऑफ पेन्झन्स'मध्ये फ्रेडरिक झाला आणि तिथे मात्र शोभला. नटाला पात्र मिळालं की तो घरी आल्यासारखा होतो. त्यानंतर प्रत्यक्ष गाण्याचा धंदा त्याने पुन्हा जुन्या नावाकडेच वळवला.

काय झालं

नून उत्तर अमेरिकेत 'हर्मन्स हर्मिट्स स्टारिंग पीटर नून' या नावाने फिरू लागला. ब्रिटनमध्ये आणि इतरत्र व्हिटवमचा हर्मन्स हर्मिट्स. ग्रीनने १९८० मध्ये गट सोडला, लेकनबी १९९४ मध्ये वारला. मूळ पाचांपैकी एका बाजूला एक, दुसऱ्या बाजूला एक. तिकीट काढणाऱ्याला कोणता मिळेल हे तो कोणत्या देशात राहतो यावर.

रेडिओवर ही गाणी दशकानुदशकं वाजली, त्याचंही एक गणित आहे. अमेरिकेतलं साधं एएम-एफएम रेडिओ गीतकाराला पैसे देतं, गायक-वादकाला देत नाही. 'मिसेस ब्राउन' अमेरिकेत वाजलं की हक्क पीकॉकचा, ते गाऊन पहिलं आणणाऱ्या नूनचा त्यात छदाम नाही. डिजिटल प्रसारणाचा मोबदला साउंडएक्स्चेंज ही संस्था वाटते: निम्मा रेकॉर्डच्या मालकाला, ४५ टक्के मुख्य कलाकारांना, ५ टक्के इतर वादकांना. पण १९७२ च्या आधीची ध्वनिमुद्रणं केंद्रीय कायद्याने त्यात आली ती २०१८ मध्ये. हर्मिट्सची सगळी प्रसिद्ध गाणी १९७२ च्या आधीचीच. मग सत्तरी जवळ आलेले हे लोक गाड्या बदलत गावोगाव का गात राहिले, याचं उत्तर निम्मं आवडीत आणि निम्मं इथे आहे. जिवंत कार्यक्रम हाच त्यांचा खरा उत्पन्नाचा मार्ग, आणि कार्यक्रम विकतो तो नावावर. भांडण नावावरच होणार.

शेजारचं उदाहरण

त्याच १९६१ सालात, त्याच मालिकेत, एना शार्पल्स या पात्राचा नातू म्हणून एक दुसरा मँचेस्टरचा मुलगा दिसला होता: डेव्ही जोन्स, पुढे द मंकीजचा गायक. मंकीजमध्ये उलट व्यवस्था होती. गट टीव्ही मालिकेसाठी घडवलेला, नाव निर्मात्या कंपनीचं. सदस्य त्या नावाने गायचे ते परवानगीने. कलाकारांना ते जाचलं. रेकॉर्डवर आम्हालाच वाजवू द्या म्हणून १९६७ मध्ये त्यांनी बंडही केलं. पण मालक एकच असल्याने दोन मंकीज देशांची वाटणी करून फिरले नाहीत. जाच आणि स्पष्टता एकाच कागदातून आल्या.

वेगळं काय करता आलं असतं

ब्रिटनमध्ये चार-पाच जण मिळून गट चालवतात आणि काही लिहून ठेवत नाहीत, तेव्हा १८९० चा भागीदारी कायदा लागू होतो: नफ्यात समान वाटा, आणि एक जण निघाला की भागीदारी मोडीत निघू शकते. नावाचं काय, हे उच्च न्यायालयाने २००३ मध्ये सॅक्सन या हेवी मेटल गटाच्या खटल्यात स्वच्छ सांगितलं. जुन्या दोन सदस्यांनी नाव आपल्या नावे नोंदवून घेतलं होतं. न्यायालयाने ती नोंद टिकू दिली नाही. लौकिक भागीदारीचा असतो, सुट्या सदस्याचा नसतो. जुनी भागीदारी मोडली तर सदस्याला तिच्या मालमत्तेच्या किमतीत वाटा मागता येतो, नाव खिशात घालून नेता येत नाही. हा निकाल १९७१ ला उपलब्ध असता तर नून किंवा व्हिटवम, दोघांनाही एकेकट्याने 'नाव माझं' म्हणणं अवघड गेलं असतं.

अशा गटासाठी करार करायचा तर पहिल्या रेकॉर्डच्या आधी. पैसे येण्यापूर्वी सगळे उदार असतात. लांबलचक कागद लागत नाही, दोन पानं पुरतात, पण पुढची कलमं टाळता येत नाहीत. नाव भागीदारीचं आहे की कंपनीचं. सदस्य गेला तर नाव कोणाकडे राहतं: राहिलेल्या बहुसंख्येकडे, की विशिष्ट माणसाकडे. जाणाऱ्याला स्वतःची ओळख 'पूर्वी अमुक गटाचा' अशी किती वर्षं आणि किती मोठ्या अक्षरात करून देता येईल. किमान किती मूळ सदस्य असले तर जुन्या नावाने कार्यक्रम करता येईल. बहुतेक गट हा आकडा घालायला संकोचतात आणि नेमका तोच हवा असतो. नाव आता नोंदवायचं तर ब्रिटनमध्ये मनोरंजनासाठी ४१ वा वर्ग, ध्वनिमुद्रणांसाठी ९ वा, टी-शर्टसाठी २५ वा. नोंदणी दहा वर्षांची, मग नूतनीकरण. ज्या देशात दौरा करायचा तिथे वेगळी नोंद. अमेरिकेतलं चिन्ह ब्रिटनमध्ये चालत नाही.

गायक मालिकेतून आलेला असेल तर आणखी एक कलम लागतं, आणि हर्मिट्सचं प्रकरण वाचलं नसेल तर ते कुणाला सुचत नाही. मंचावरचं टोपणनाव व्यक्तीचं की गटाचं? 'हर्मन' ही नूनची ओळख ठरवली असती, तर तो गेल्यावर उरलेल्यांनी नुसतं 'द हर्मिट्स' व्हायचं होतं. गटाची ठरवली असती, तर नवा गायक हा नवा हर्मन, आणि नूनने स्वतःच्या नावाने उभं राहायचं होतं. दोन्हीत कुणाचं तरी नुकसान होतं. पण ते एकदाच, १९७१ मध्ये, मोजून झालं असतं.

कार्यक्रम ठरवणाऱ्या आयोजकाला अजूनही करावं लागतं ते वेगळंच. करारात मंचावर येणाऱ्या सदस्यांची नावं लिहून घ्यायची, गटाचं नाव वापरण्याचा हक्क या देशात आहे याची लेखी हमी घ्यायची, जुना सामूहिक फोटो जाहिरातीत छापायचा नाही, आणि 'स्टारिंग'नंतरचं नाव गटाच्या नावाइतक्याच मोठ्या अक्षरात लावायचं.